चौथी जागा लुंबिनीची

अहमदपूरच्या एसटी स्टँडमागं धोंडप्पाचं ऑनलाईन फॉर्म भरायचं दुकान आहे. तिथं कोपऱ्यातल्या खुर्चीवर लुंबिनी बनसोडे बसते. उजव्या हाताचा अंगठा आणि त्याच्या शेजारचं बोट नाही. उरलेल्या आठ बोटांवर तिचं टायपिंग असं चालतं की समोरचा माणूस आपल्या बापाचं नाव सांगेपर्यंत हिचं गावाचं नाव टाकून झालेलं असतं. कॉलेजात असताना सुट्टीत मायसंगं सोयाबीनच्या मळणीला गेली होती. यंत्रानं बोटं नेली. हिला दवाखान्यात नेलं, यंत्र धुतलं आणि संध्याकाळी मळणी पुन्हा सुरू झाली. हे सांगताना लुंबिनी रडत नाही, तिला संताप येतो. आणि यावा की! का येऊ नये?

तर ही लुंबिनी गेम खेळते. आता कुणी म्हणेल, चांगली बावीस-पंचवीस वर्षांची बाई, गेम काय खेळते? गल्लीतल्या बायकाही तेच म्हणतात. म्हणू देत. रणझुंज नावाची ती मोबाईलवरची गेम आहे, चौघांचा एक संघ, बंदुका घेऊन मैदानात उतरायचं आणि शेवटपर्यंत टिकायचं. डाव्या अंगठ्यानं पळायचं, उजव्या अंगठ्यानं नेम धरायचा. आता अंगठाच नसला तर? लुंबिनीनं ती वाट कॉम्प्युटरमधून काढली.

कॉम्प्युटरच्या पोटात खोटा मोबाईल उभा करणारं सॉफ्टवेअर असतं, एम्युलेटर म्हणतात त्याला. गेमला वाटतं आपण मोबाईलवर आहोत, आणि खेळणारा खेळतो कीबोर्ड-माऊसवर. झालं ना काम? पण हे एम्युलेटर भलतंच खादाड. सासुरवाडीला आलेल्या जावयासारखं, ते जेवायला बसलं की बाकीच्यांनी ताटावरून उठायचं. आणि लुंबिनीचं मशीन म्हणजे धोंडप्पानं दुकानात नवे कॉम्प्युटर आणले तेव्हा तिला देऊन टाकलेलं म्हातारं धूड. पहिल्या दिवशी एम्युलेटर चालू केलं आणि माऊसचा बाणसुद्धा जागचा हलेना.

दुसरी असती तर नाद सोडला असता. लुंबिनी हट्टाला पेटली. मशीनच्या मुळाच्या सेटिंगमध्ये शिरून एम्युलेटरला बळ देणारं व्हर्च्युअलायझेशन चालू केलं. एम्युलेटरला रॅम दिली ती अर्धी, त्याच्या वर एक घास नाही. चित्राचा झगमगाट उतरवला, अपडेट थांबवले, मागं गुपचूप चालणारे प्रोग्रॅम एकेक करून हाकलले. तरी मशीन तापायचं. मग डब्याचा एका बाजूचा पत्रा काढून ठेवला आणि घरातला कूलर थेट त्या उघड्या पोटावर लावला. कूलरच्या टाकीत मात्र पाणी घालायचं नाही, नुसती हवा. उकाड्यानं जीव गेला तरी पाणी नाही. तिची माय, पार्वतीबाई, यावरून रोज बोलायची. "माणसं वाळून राहिलीत अन् हिच्या डब्याला हवा!"

संघाचा कप्तान नांदेडचा सत्यम. बाकी दोघंही तिकडचेच. एकमेकांना प्रत्यक्ष कुणी पाहिलेलं नाही, पण खेळात कुठं थांबायचं, कुठून शिरायचं हे लुंबिनी ओरडून सांगायची आणि तिघं ऐकायचे. तिच्या डोक्यावरच संघ नांदेडच्या स्पर्धेच्या फायनलला पोचला होता. सत्यमला तिचं मशीन मात्र खुपायचं.

"तुझं डोकं लई चालतं, पण डबा चालत न्हाई," तो फोनवर म्हणाला. "फायनलला एकदा जरी बंद पडला ना, तर राखीव बजरंगला बसवणार. मग जागा त्याची. कायमची."

"हाव, बसव. आधी बंद तर पडू दे," लुंबिनी म्हणाली. फोन ठेवल्यावर मात्र तिनं मशीनच्या सगळ्या सेटिंग पुन्हा एकदा तपासल्या. तिच्याकडं बघून हळहळायचं सोडून तिचं ऐकणारी तीन माणसं तिला या एकाच ठिकाणी मिळाली होती.

आयोजकांचा आणखी एक नियम होता. एम्युलेटरवाले लबाडी करतात असा सगळ्यांचा संशय, म्हणून त्यांनी खेळताना मोबाईलचा कॅमेरा आपल्या हातांवर धरायचा. ते हात स्पर्धा बघणाऱ्या सगळ्यांना पडद्याच्या कोपऱ्यात दिसणार. हे ऐकून पार्वतीबाईचं तोंडच उतरलं. लग्नकार्यात, फोटोत, बुद्धविहारातसुद्धा ती लेकीच्या उजव्या हातावर ओढणी ओढायची. मळणीला लेकीला तीच घेऊन गेली होती. त्या हाताकडं कुणी पाहिलं की तिला वाटायचं, आपल्यालाच जाब विचारून राहिलेत.

फायनल मे महिन्यातल्या एका रविवारी, भर दुपारी. तीन डाव. बाहेर ऊन असं की कावळाही उडेना. लुंबिनी बसली, कॅमेरा डब्यांच्या उतरंडीला टेकवला. पहिल्याच डावात पार्वतीबाई दोनदा वाकून ओढणी सारायला आली आणि दोनदा पंचाचा आवाज आला, "हात झाकू नका." लेकीच्या कपाळावरून घाम डोळ्यांत उतरत होता, ओठ कोरडे पडले होते. आईच्यानं बघवेना. ती उठली, माठातलं गार पाणी घागरभर घेतलं आणि मागच्या बाजूनं गुपचूप कूलरच्या टाकीत ओतलं. पंप चालू केला.

गार झुळूक आली. लुंबिनीला क्षणभर बरंही वाटलं. मग स्क्रीन काळी झाली.

तिनं मागं वळून पाहिलं. कूलरच्या वाळ्यातून तुषार उडत होते आणि मशीनचं उघडं पोट ओलंचिंब. तिनं झडप घालून बटण बंद केलं. पार्वतीबाई घागर धरून उभी. "तुला गार वाटावं म्हणून गं..." एवढंच बोलली आणि रडायला लागली.

लुंबिनीच्या तोंडाशी काय काय आलं होतं! ते तिनं गिळलं. मायचा साधा फोन वाजत होता.

"संपलं," सत्यम म्हणाला. "बजरंगला उठवलंय, दुसऱ्या डावाला बसतो तो."

"न्हाई बसत. दुसरा डाव तिघं खेळा."

"येडी हायस का? तिघं मरू!"

"मरू नका, लपून बसा. तिसऱ्याला मी येते. न्हाई आले तर बसव बजरंगला, मी पुन्हा तोंड उघडणार न्हाई."

पलीकडं सत्यमनं बजरंगला थांबायला सांगितलं. मग, "बरं. तिसऱ्याची घंटा होईपर्यंतच."

अंगणात बाजेवर कुरडया वाळत घातल्या होत्या. लुंबिनीनं मशीन उचललं. "माय, रडू नको, बाज रिकामी कर." पार्वतीबाईनं कुरडयांसकट धोतर ओढून खाली टाकलं, आणि त्या तापलेल्या बाजेवर कॉम्प्युटर वाळवणाला पडला. वरून धूळ नको म्हणून पार्वतीबाईनंच पातळ फडकं पसरलं. शेजारची जगदेवी कुंपणावरून डोकावली. "काय गं, यंदा काय वाळवून राहिलीस?" मराठवाड्याच्या उन्हाला आयुष्यात पहिल्यांदा लुंबिनी म्हणाली, तापव बाबा, आणखी तापव.

रॅमच्या पट्ट्या काढून तिनं खोडरबरानं घासल्या, फुंकल्या, पुन्हा बसवल्या. मशीन घरात आणलं, कूलरपासून लांब, दाराच्या उंबऱ्याशी, पाटावर. बटण दाबलं. काही नाही. एक पट्टी काढली. पंखा घरघरला, पडदा उजळला. दुसरी पट्टी त्या खाचेत काही केल्या चालेना. म्हणजे होती त्याच्या निम्मी रॅम. पुऱ्या रॅमवर जे एम्युलेटर कुरकुरायचं, ते आता निम्म्यावर ओढायचं होतं.

"अर्ध्यावर चाल म्हणते तर चालायचं!" लुंबिनी मशीनवर खेकसली. चित्र होतं त्याहून खाली आणलं, इतकं की माणसं म्हणजे नुसते ठिपके. गेमची खिडकी पत्त्याच्या पानाएवढी केली. आवाज बंद, गेममधलं बोलणंही बंद. सत्यमचा फोन मायच्या साध्या मोबाईलवर, स्पीकर लावून. "मला पावलं ऐकू येणार न्हाईत. तू ऐक अन् सांग. कुठं जायचं ते मी सांगते."

राहिला कॅमेरा. उंबऱ्याशी उतरंड कुठली? पार्वतीबाईनं कॅमेऱ्याचा फोन उचलला आणि लेकीच्या हातावर धरला.

तिसरा डाव सुरू झाला. "डावीकडं पावलं," सत्यम सांगायचा. "भिंतीमागं दोघं हायत, थांब, आत्ता न्हाई... आत्ता!" लुंबिनी ओरडायची. उरलेली बोटं माऊसवर आपटत होती. एकदा चित्र अडखळलं, पण पुन्हा हललं. एवढ्यात सत्यमचा आवाज बदलला.

"लुंबिनी, लोक हाताबद्दल लई घाण लिहून राहिलेत. एक जण म्हणतोय, हात झाका, आम्ही जेवून राहिलो. मावशीला म्हण, कॅमेरा जरा कीबोर्डाकडं वळवा. पंच काही बोलायचे न्हाईत."

स्पीकरवर पार्वतीबाईनंही ते ऐकलं. तिनं कॅमेरा न हलवता लेकीकडं पाहिलं.

"जेवू नका म्हणावं," लुंबिनी म्हणाली. नजर त्या पत्त्याएवढ्या चित्रावरून हलली नाही. "हात दाखवा हा नियम तुमचाच. आता बघा पोटभर. उजवीकडचा मार आधी, पडला? पुढं चल!"

डावाच्या शेवटी मैदानात संघाचे दोघं उरले, सत्यम आणि लुंबिनी, आणि समोर एक. तो गवतात होता. सत्यमनं पावलं सांगितली, लुंबिनीनं ठिपका शोधला. मधल्या बोटानं बटण दाबलं.

सत्यम नुसता ओरडत होता, शब्द कळत नव्हते. तिसरा डाव जिंकला होता, दुसऱ्यात तिघं लपून टिकले त्याचे गुण धरून संघ एकूण दुसरा आला होता, आणि दोन संघ नांदेडवरून राज्याच्या फेरीला जाणार होते. जरा दम घेऊन तो म्हणाला, "नावं आत्ताच द्यायचीत. चौथं तुझं टाकतो."

"चौथं कशाला?" लुंबिनी म्हणाली. "पहिलं टाक."

तो हसला. "टाकतो बाई, टाकतो."

लुंबिनीनं पाठ भिंतीला टेकली. हात तसाच माऊसवर पडला होता, घामानं ओला. पार्वतीबाई अजून फोन धरून उभी होती, दंड भरून आलेला.

"माय, झालं. ठेव आता फोन खाली."

"राहू दे," पार्वतीबाई म्हणाली. तिनं फोन आणखी जवळ नेला, त्या हाताच्या अगदी वर. "अजून बघून राहिलेत लोक. बघू दे."