स्थळप्रत

माझे सासरे सरकारी कचेरीत कारकून होते. ते कधीच निवृत्त झाले, पण कचेरी काही त्यांच्यातून निवृत्त झाली नाही.

माझा नवरा अपघातात गेला आणि त्याचा मोबाइलही त्यातच गेला. मागे राहिला तो लॅपटॉप आणि त्यात त्याने रेकॉर्ड केलेली स्वतःची बेसूर गाणी. संध्याकाळचा चहा झाला की बाबा त्यातलं एखादं लावायचे आणि गाण्याच्या शेवटी त्याने त्यांना उद्देशून म्हटलेलं वाक्य ऐकूनच उठायचे. घरात त्याचा आवाज तेवढाच उरला होता.

पुढे लॅपटॉप मध्येच बंद पडायला लागला. कोणीतरी सांगितलं, बायोस अपडेट करा. बायोस म्हणजे यंत्राला जागं करणारा मूळ प्रोग्रॅम. कसब्यातल्या दुरुस्तीवाल्याकडे द्यायला बाबा तयार होईनात. मुलाची वस्तू परक्याच्या हाती नको. इंटरनेटवर वाचून वाचून त्यांनी एक सॉफ्टवेअर शोधलं आणि आधी जुन्या बायोसची प्रत काढली. काम अगदी चोख. मी पेन ड्राइव्ह पुढे केला.

"स्थळप्रत फाइलीतच लावायची असते," ते म्हणाले. "बाहेर ठेवली की गहाळ होते."

कचेरीतून गेलेल्या प्रत्येक पत्राची प्रत त्यांनी जन्मभर त्याच फाइलीत लावली होती. ही प्रतही त्यांनी त्याच लॅपटॉपमध्ये ठेवली.

अपडेट झालं आणि निळा पडदा आला: डिस्क कुलूपबंद आहे, रिकव्हरी की टाका. बायोस बदलला की डिस्क स्वतःला कुलूप घालू शकते, हे आम्हाला कुठे ठाऊक! ती की माझ्या नवऱ्याच्या ऑनलाइन खात्यात आणि खात्याचा पासवर्ड त्याच्या डोक्यात. शेवटी कसब्यात जावंच लागलं. जुना बायोस परत घातला तर कदाचित उघडेल, दुरुस्तीवाला म्हणाला. पण त्याची प्रत कुलपाच्या आत. सगळं पुसलं तर लॅपटॉप नव्यासारखा चालेल, असंही त्याने सुचवलं. एरवी बाबांनी अशा माणसाला एका वाक्यात गार केलं असतं. त्या दिवशी त्यांनी नुसता चार्जर गुंडाळून पिशवीत टाकला.

मला त्यांचा भयंकर राग आला होता. पण आपल्याच हाताने मुलाचा आवाज बंद करून बसलेल्या बापाला मी आणखी काय बोलणार होते?

संध्याकाळी चहा झाल्यावर ते खुर्चीतच बसून राहिले. मग म्हणाले, "अगं, गाणं संपलं की तो मला काय म्हणायचा?"

"बाबा, हसू नका, तुम्ही गाऊन दाखवा," मी सांगितलं.

"परत म्हण."

मी परत म्हटलं. दोन्ही वेळा आवाज माझाच निघाला.