‘बेजार’ची बेगम
गुलबर्ग्याचे दस्तगीर वीज खात्यात मीटर वाचायचे आणि ‘बेजार’ या नावानं दखनीत विनोदी शायरी करायचे. रायचूर, निजामाबाद, एकदा थेट जेद्दा, कुठकुठली बोलावणी आली ती ‘देग’ या एकाच कवितेच्या जोरावर. बेगम लग्नाला जाते, बगारा खान्याची, म्हणजे फोडणीच्या भाताची, हंड्याएवढी अख्खी देग एकटी फस्त करते आणि आचारी झारा टाकून पळतो, अशी ती कविता. ‘बेजार’ माइकसमोर आले की लोक दुसरं काही ऐकूनच घेत नसत.

बेगम म्हणजे त्यांची बायको हलीमाबी. अंगानं भरलेल्या, बोलायला मोकळ्या. मुशायऱ्याला त्या कधी गेल्या नाहीत, पण कविता मोबाइलमधून घरोघर पोचली होती.

गेल्या वर्षी शाहाबादला भाच्याचं लग्न झालं. दुपारच्या जेवणानंतर दोघं घरी परतले. दस्तगीर जरा आडवे झाले, पाणी प्यायला उठले, तर हलीमाबी बुरखाही न उतरवता ओट्याशी उभ्या राहून सकाळची रोटी लोणच्याशी खात होत्या. पाठ फिरवून, घाईघाईनं.

लग्नात जेवली नाहीस का, असं त्यांनी विचारलं. हलीमाबींनी आधी उडवून लावलं. खोदून विचारल्यावर कळलं की कविता गाजल्यापासून अकरा वर्षं त्या कुठल्याच लग्नात जेवल्या नव्हत्या. बायकांच्या पंगतीत दस्तरखानावर बसलं की कुणी कोपरानं ढोसायचं, कुणी वाढणाऱ्याला सांभाळून राहायला सांगायचं. एका लग्नात तर नवरीच्या आईनं भाताची अख्खी परात त्यांच्यापुढे आणून ठेवली होती.

“मला सांगायचंस तरी,” दस्तगीर म्हणाले.

“काय सांगू? तुम्ही ‘देग’ पहिल्यांदा ऐकवलीत तेव्हा मीच हसले होते. आपल्या घरात होती तोवर चांगलीच होती ती.”

कविता ज्यावरून सुचली ती गोष्ट खरी होती. थोरली पोटात होती, हलीमाला पाणीसुद्धा पचत नव्हतं. तिच्या बहिणीच्या लग्नात कसं कोण जाणे अन्न गेलं, आणि दस्तगीरांनीच हौसेनं तीन वेळा वाढून आणलं होतं. तेच त्यांनी गावोगाव विकलं होतं.

पुढच्या महिन्यात बिदरला त्यांनी ‘देग’ वाचली नाही. त्या तीन ताटांची खरी हकीकत नव्या कवितेत सांगितली. लोक चुळबुळले, मागून शिट्ट्या आल्या. उतरताना संयोजक म्हणाला, “बेजारसाब, रडायचं तर घरी रडा ना.” त्यानंतर बोलावणं आलं नाही. मोबाइलमधली ‘देग’ मात्र चालूच आहे, ती काही त्यांच्या हातात नाही.

आता लग्नात दस्तगीरही जेवत नाहीत. हलीमाबींना ते आवडत नाही. परवा एका लग्नाहून परतताना बसमध्ये त्या म्हणाल्या, “तुम्ही उपाशी बसलात तर माझ्या पोटात काय पडतं?”

घरी आल्यावर दस्तगीरांनी स्वतःच दोघांपुरता भात टाकला.