मामांनी न सांगितलेला चित्रपट

तंबूतला मूकपट तुम्ही कधी आमच्या मामांच्या तोंडून पाहिला आहे का? नसेल, तर तुम्ही मूकपट पाहिलाच नाही. फिरत्या तंबूत पडद्याशेजारी उभं राहून लोकांना गोष्ट सांगायची, हा मामांचा धंदा. पण पडदा गुंडाळला तरी त्यांचं सांगणं थांबत नसे. मामी भाकरी थापायला बसली की हे चुलीपुढे उभे: "आता बाई रागात हाय. आता ती पीठ न्हाई, नवऱ्याला थापून राह्यली." एका लग्नात अंतरपाटामागच्या नवरदेवाच्या मनातलं त्यांनी इतकं बराबर सांगितलं, की वरबाप त्यांच्या अंगावर धावून आला.

अशा माणसाला अंबडच्या एका मास्तरांची कुठंही न छापलेली कविता आवडली. नवऱ्याला सरकारी वेठीला धरून नेलंय आणि धनगरीण मेंढरं राखत त्याची वाट पाहतेय, एवढीच ती कविता. मुंबईहून आलेल्या एका कॅमेरेवाल्याला मामांनी चार दिवस घरी जेवू घातलं आणि त्याच्या उरल्यासुरल्या फिल्मवर छोटासा चित्रपट काढून घेतला. धनगरीण झाली मामीच. मी तेव्हा वेठीविरुद्ध पत्रकं वाटत असे; 'वेठ बंद करा' अशी पाटी त्यात घालावी, असा मी हट्ट धरला. मामा म्हणाले, "पत्रकं तू वाट. हितं बिलकुल अक्षर नको." शब्दच काढले तर माझी कविता उरते कुठं, असं मास्तर ज्याला त्याला विचारत फिरत होते.

आष्टीच्या बाजारादिवशी खेळ लागला. पडद्यावर माळ, मेंढरं आणि फडक्यात दोन भाकरी बांधणारी बाई. मामा पडद्याशेजारी उभे, आणि गप्प. लोक शिट्ट्या मारू लागले. तंबूचा मालक जवळ येऊन दबक्या आवाजात म्हणाला, "बोल, न्हाईतर उद्यापासून येऊ नको." मामांनी नुसती नकाराची मान हलवली. पडद्यावर सांज झाली. बाईनं एक भाकरी खाल्ली, दुसरी पुन्हा फडक्यात बांधली. शिट्ट्या थांबल्या. मग बायकांच्या बाजूनं एक म्हातारी पडद्यावरच्या बाईला म्हणाली, "माझ्या धन्यालाबी असंच नेल्तं, बाई. तू खाऊन घे." मास्तरांनी धोतराचा सोगा डोळ्यांना लावला.

मामांचं काम त्याच दिवशी गेलं. पोलिसांच्या अमीनसाहेबांच्या धाकानं मालकानं ते रीळ पेटीत टाकलं, ते अजून बाहेर काढलेलं नाही. मामा आता घरीच असतात. तंबू कुठं लागल्याचं कळलं की मला एवढंच विचारतात, "आपली बाई दाखिवली का रं?" माझं उत्तर ऐकलं की मामीकडे प्यायला पाणी मागतात.

तो तंबू तुमच्या गावात आला, तर तिकीट काढण्याआधी मालकाकडे ते रीळ मागा. एकट्यानं मागू नका. शेजाऱ्यापाजाऱ्यांना घेऊन जा, आणि दाखवतो म्हणेपर्यंत कुणी आत बसू नका.