टीव्हीच्या काचेवरचं कुंकू

मालिकेत माझ्या नवऱ्याला मारलं, तेव्हा मी खूशच झाले. विधवेला रडायला भरपूर मिळतं, म्हणजे काम टिकतं. सिंदेवाहीला माझी माय मात्र त्या दिवशी जेवली नाही.

आठवड्याभरात वहिनीचा फोन आला. "बाई, माय रोज टीव्हीच्या काचेवर तुमच्या कपाळाले कुंकू लावून राह्यली." पडद्यावर माझा चेहरा हलायचा आणि कुंकू भलतीकडेच लागायचं. वडील गेल्यापासून मायचा करंडा बंद होता. तो तिनं माझ्यासाठी उघडला होता. हे मला आज कळतं. तेव्हा माझ्या डोळ्यांसमोर फक्त हसणारे शेजारी आले आणि मी तिला फोनवरच झापलं.

"अगं, खोटं असते ते सगळं! माझं लग्न तरी झालं काय?"

"मालूम आहे मले. पण तुयं मोकळं कपाळ पाहवत नाई."

"मग नको पाहू," म्हणून मी फोन आपटला.

पुढच्या हिवाळ्यात ती गेली. मी शूटिंगवर होते. घरी पोचले तेव्हा राखही सावडून झाली होती. टीव्हीची काच लख्ख होती. मी वहिनीवर भडकले, "काऊन पुसली?"

"मी नाई, बाई. तुमच्या त्या फोननंतर मायनंच पुसली. मग टीव्ही लावूच देल्ला नाई."

त्या फोनपासून ती जाईपर्यंत रोज संध्याकाळी सात वाजता मी घरोघरी दिसत होते. फक्त माझ्या मायला दिसत नव्हते.