पाच धान्यं आणि एक मन

"मन कुना एकट्याचं नसतंय, समद्यांचं मिळून एकच हाय, आन् आपुन त्यात भिजलेलं असतो," असं रहाटणीचा ज्योतीराम एकदा म्हणाला. म्हणाला तो पिंपरीच्या औषधाच्या कारखान्यात, बुरशी वाढवायच्या टाकीजवळ, दुपारी जेवताना. टाकीत थोडीशी बुरशी सोडली की चार दिवसांत अख्खी टाकी दाट होई. त्यातला कुठला धागा कुठल्या धाग्यापासून वेगळा, हे साहेबालाही सांगता येत नसे. माणसांचंही तसंच असणार, हे ज्योतीरामानं स्वतःशी ठरवून टाकलं होतं.

शेजारी बसलेला चिमाजी म्हणाला, "मग राव, माझं पोट भरलं की तुझंबी भरत आसंल. आण इकडं ती भाकर."

सगळे हसले. ज्योतीरामानं भाकरी खरंच देऊन टाकली.

तिशी ओलांडलेला, सातवी शिकलेला माणूस. बायको पहिल्या बाळंतपणातच गेली. घरात तो आणि भावजय गवराबाई. थोरला भाऊ मालोजी लढाईत ब्रह्मदेशाला गेला आणि चव्वेचाळीस साली 'बेपत्ता' असं कागदावर लिहून आलं. मेला, असं कुणी कधी कळवलं नाही. तो कागद वाचताना ज्योतीरामाला आत काही तुटल्याचं जाणवलं नव्हतं. मन एकच असेल तर भावाचं मरण आपल्याला कळलंच असतं. कळलं नाही, म्हणजे भाऊ आहे. त्याचा सगळा सिद्धान्त इथून निघाला होता.

पंचावन्न साली गवराबाईचा भाऊ बाळाजी तिच्यासाठी स्थळ घेऊन आला. कुरुळीचा गेनबा, बायको वारलेली, गवराबाईशी पाट लावून दुसरं लग्न करायला तयार होता. दाराआडून गवराबाईनं विचारलं, "भावजी, तुमी काय म्हनता?"

"दादा हाय. मला कळतंय."

"कळतंय तर पत्ता सांगा," बाळाजी म्हणाला, "मी जाऊन घिऊन येतो. का भाकरी थापायला बाई पायजे म्हनून दादा जिता हाय?"

ज्योतीरामाला ते लागलं. त्यानं दिवाळीपर्यंत मुदत मागितली आणि परीक्षा मांडली. सकाळी कामावर निघताना तो स्वयंपाकघरात एकटा जाई. ज्वारी, बाजरी, तांदूळ, मटकी, हुलगा असे पाच डबे. त्यातल्या एकातली चिमूट तो खिशात टाकी. दुपारी भोंगा झाला की मूठ मिटून त्या दाण्याचा विचार करत बसे. तोच भोंगा रहाटणीत ऐकू येई. तेव्हा गवराबाईनं मनात येईल ते धान्य वाटीत काढून ठेवायचं. दाणे जुळले तर मन एक. मन एक तर मालोजी जिवंत.

पहिल्या आठवड्यात फारसं जुळलं नाही. मग जुळू लागलं. महिन्यात सव्वीस दिवसांपैकी वीस. ज्योतीराम वाळत चालला होता, पण त्याचे डोळे असे चमकत की चिमाजीनं थट्टा करणं सोडलं. एक दाणा दोन कोस ओलांडून येतो, तर ब्रह्मदेशातून भावाचं मरण कसं येणार नाही? गेनबा दिवाळीपर्यंत थांबला आणि त्यानं चिखलीची एक बाई केली.

छप्पन साली बारा वर्षं भरली. एवढी वर्षं बेपत्ता राहिलेल्याला मेला धरून त्याचे दिवस घालायचे असतात. बाळाजी गुरुजींना घेऊन आला. अंगणात तिरडीवर पळसाच्या पानांचा मालोजी रचला, डोक्याच्या जागी नारळ ठेवला. कुंकू पुसायला आलेल्या बायका भिंतीला टेकून बसल्या होत्या. विस्तवाचं मडकं सख्ख्या भावानं धरायचं होतं.

ज्योतीराम पायरीवरून हलला नाही. "जित्या मानसाला आग कशी दिऊ? परीक्षा झाली न्हाई का? वहिनीला इचारा."

गवराबाई पुढे आली. "डब्यात तुमची बोटं उमटल्याली असायची, भावजी. झाकण काढलं की दिसायचं, आज कशातलं न्हेलं त्ये."

ज्योतीरामानं आपल्या बोटांकडे पाहिलं.

"मग कवा कवा चुकायचीस कशी?"

"समदंच बराबर आलं आसतं तर तुमाला खरं वाटलं नसतं."

"का केलंस?"

"दाणं जुळलं तर त्ये जिते हायेत, आसं तुमी म्हनला हुता. मला त्ये जिते पायजे हुते." तिचा आवाज चढला नाही. "वरीसभर ह्याच घरात बसून मी तुमाला फसवलं. समद्यांचं मन एक म्हनता, मग तुमाला कवा कळलं न्हाई ते?"

बाळाजी काही बोलणार होता. तिनं हातानंच त्याला थांबवलं.

"आता मला वाट बगवत न्हाई. त्ये मेलं, एवढं तुमच्या तोंडानं म्हना. मग मी मोकळी."

बायकांना न विचारता तिनं स्वतःच मडकं उचललं आणि त्याच्यासमोर धरलं. धूर दोघांच्याही डोळ्यांत गेला. ज्योतीराम उठला. आता हा मडकं घेणार, असं वाटून गुरुजी मंत्र म्हणायला सरसावले. त्यानं तिच्याकडे पाहिलं, पानांच्या भावाला वळसा घातला, आणि 'मेला' एवढं न म्हणताच अंगण ओलांडून बाहेर निघून गेला.