गाइडबाईंनी दाखवलेली आमची देवी

ज्या गावात जन्म गेला ते गाव बघायला गाइड लावायचा, ही कल्पना माझी नव्हे. ती आमच्या विहीणबाईंची. मुलीचं लग्न ठरलं आणि विहीणबाई पुण्याहून चार दिवसांसाठी ग्वाल्हेरला आमच्याकडे आल्या, त्या येतानाच मोबाइलवरून सगळं ठरवून. सात-आठ जणांचा लहानसा गट, वास्तुकला शिकलेल्या एक गाइडबाई, सकाळपासून दुपारपर्यंत शहरातली शिल्पं आणि इमारती. "तुमचंही नाव घातलंय," त्या म्हणाल्या. मला रागच आला. किल्ला माझ्या स्वयंपाकघराच्या खिडकीतून दिसतो, तो आता पैसे भरून बघायचा! पण मुलीकडची बाजू पडली, राग गिळावा लागला.

खरं सांगायचं तर विहीणबाईंची मला धास्ती वाटायची. त्या वाईट काही बोलत नाहीत. बोलतातच कमी. पण मी बोलण्याच्या ओघात "मला नाही मालूम" म्हटलं की त्यांची भुवई जराशी हलते, आणि त्या भुवईत मला माझ्या मुलीचं पुढचं आयुष्य दिसायला लागतं. मुलगी आमची इथं वाढलेली. वाक्य मराठीत सुरू करते आणि हिंदीत संपवते. नोकरीसाठी पुण्याला गेली तेव्हा इतकं वाटलं नव्हतं. तिथं तिची खोली होती, मैत्रिणी होत्या. आता ती दुसऱ्यांच्या घरात जाणार होती, जिथं माणसं अख्खं वाक्य मराठीत बोलतात. तिथं तिला कोण सांभाळून घेईल, हा एकच प्रश्न माझ्या डोक्यात घोळत होता, आणि तो विचारायची माझी जागा ठरलेली होती. आमची देवी.

आमचं कुलदैवत दक्षिणेत, म्हणजे महाराष्ट्रात. पूर्वज फौजेबरोबर इकडे आले, परत जाणं काही होईना, तेव्हा घरातल्या कोणीतरी ठरवून टाकलं की पाटणकर बाजाराजवळच्या बोळातली देवी तीच आता आपली. तेव्हापासून घरात लग्न निघालं की पहिली पत्रिका तिला. सोबत अक्षता, कुंकू, खणानारळाची ओटी. ते झाल्याशिवाय दुसरी पत्रिका घराबाहेर पडत नाही. माझ्या नवऱ्याचं हृदयाचं ऑपरेशन चाललं होतं तेव्हा दवाखान्यात बाकड्यावर बसवेना, म्हणून मी रिक्षा करून तिच्याकडे गेले होते. आईचे गुडघे, मुलीची दहावी, सगळं तिच्या कानावर घातलेलं होतं. माझी म्हातारी आई आमच्याकडेच असते. तिने दाल बाजारातून ओटीचे तांदूळ मागवून, निवडून ठेवले होते. गाइडबाईंच्या फेरीच्या दुसऱ्या दिवशी, शुक्रवारी, आम्ही पत्रिका ठेवायला जाणार होतो. विहीणबाईंना मी जेवताना ऐटीत सांगितलंही होतं, "आमची देवी फार जागृत आहे. तुम्ही बघालच."

तर सकाळी किला गेटपाशी सगळे जमलो. भोपाळचं एक जोडपं, दिल्लीचे काही जण आणि आम्ही दोघी विहिणी. गाइडबाई तरुण, सुती साडी, पायात कॅनव्हासचे बूट. बोलणं गोड, पण बाईंना एक खोड होती. आपण काही म्हटलं की त्या हसून मान हलवायच्या आणि ते तसं नाही हे समजावून सांगायच्या. किल्ल्यावरच्या सास-बहूच्या देवळांपाशी मी विहीणबाईंना म्हणाले, "मोठं देऊळ सासूचं." त्या चक्क हसल्या. मला बरं वाटलं. तेवढ्यात गाइडबाई मागून आल्या. "नहीं माताजी, इनका सास से कोई लेना-देना नहीं, बहू से भी नहीं. ये विष्णु का मंदिर है." झालं! महालाच्या भिंतीवर मी लहानपणापासून ज्यांना मोर समजत होते ती बदकं निघाली. निळ्या फरशांची, ओळीने चाललेली बदकं. मी पुन्हा पुन्हा बघितलं. बदकंच होती. इतकी वर्षं मी नेमकं बघत काय होते, हे मला कळेना.

उन्हं चढल्यावर गाडीने खाली शहरातल्या लश्कर भागात आलो. गाइडबाई म्हणाल्या, आता एक छोटी छत्री बघू, जी फारशी कोणाला माहीत नाही. छत्र्या आमच्या गावात पुष्कळ आहेत. मोठ्या माणसांना जिथं अग्नी दिला, तिथं त्यांची आठवण म्हणून बांधलेले दगडी मंडप. बाजारात गाडी शिरेना, म्हणून आम्ही चालत निघालो. साड्यांची दुकानं, भांड्यांची दुकानं, मग डावीकडे बोळ. बोळाच्या तोंडाशी आमची नेहमीची फुलवाली बसली होती. मला आनंद झाला. छत्रीकडे जाता जाता देवीचं दर्शनही होणार तर! मी पुढं झाले, चपला काढून बाजूला ठेवल्या, विहीणबाईंना म्हटलं, "या, हीच आमची देवी," आणि उंबऱ्यावर डोकं टेकवलं. विहीणबाईंनीही हात जोडले. मी डोकं वर केलं तर सगळा गट आमच्यामागे अर्धगोल करून उभा, आणि गाइडबाईंचं बोलणं सुरू झालेलं.

"ये देवी नहीं हैं," त्या सांगत होत्या. "किसी मराठा सरदार के घर की महिला हैं. यहीं उनका दाह-संस्कार हुआ और परिवार ने यह छत्री बनवाई."

मला आधी वाटलं, त्या दुसऱ्या कशाबद्दल तरी बोलताहेत. मी इकडे तिकडे बघितलं. दुसरं काही नव्हतंच तिथं. त्यांनी वरचा घुमट दाखवला, खांबांवरची कमळं दाखवली. मूर्तीसमोरची महादेवाची पिंड दाखवून म्हणाल्या की छत्रीत ती अशीच ठेवायची पद्धत आहे. त्या पिंडीचा अर्थ मी लहानपणी परस्पर लावून टाकला होता. देवी आहे, तर नवरा समोर असणारच.

"लेकिन हाथ में तो मुंडमाला है!" मी म्हणाले. आवाज नको तितका चढला.

"पास से देखिए, माताजी."

मी जवळ गेले. चेहऱ्यावर शेंदराचे थर, चांदीचे डोळे, अंगावर हिरवी साडी. पण हात उघडा होता. आजवर मी तिच्या हाताकडे नीट कधी बघितलंच नव्हतं, मागायला गेलेलं माणूस तोंडाकडे बघतं. हातात जपमाळ होती. बारीक बारीक मणी, खाली मेरुमणीसुद्धा कोरलेला. पायांत जोडवी. विहीणबाई मूर्तीच्या मागून डोकावत होत्या. "काष्ट्याच्या चुण्या काय सुरेख काढल्यात हो," त्या म्हणाल्या. त्या क्षणी मला त्यांचा असा संताप आला की सांगता सोय नाही.

"नाम क्या था इनका?" दिल्लीकरांपैकी कोणीतरी विचारलं.

"मालूम नहीं. पत्थर पर लिखा था, घिस गया. परिवार शायद चला गया होगा. फिर बाज़ार बसा, किसी ने सिंदूर चढ़ाया, लोग मानने लगे."

भोपाळचे काका म्हणाले, "मतलब ये लोग इतने साल से समाधि को पूज रहे हैं?"

ये लोग म्हणजे मी. अनवाणी मी तिथंच उभी होते.

पुढं त्यांनी काय काय दाखवलं ते मला आठवत नाही. डोक्यात नुसता गोंधळ उडाला होता. ऑपरेशनच्या दिवशी मी जे काही बोलले ते कोणी ऐकलं? नवरा तर वाचला. डॉक्टरांनी वाचवला हे मलाही कळतं, मी शिकलेली बाई आहे. पण त्या दिवशी तिथून उठताना मला कोणीतरी "जा, होईल बरं" असं म्हटल्यासारखं वाटलं होतं, ते काय होतं? आणि लग्नाची पहिली अक्षत आम्ही पिढ्यान् पिढ्या अग्नी दिलेल्या जागी ठेवत आलो? हे अशुभ की काय? पण एका आत्याचा सोडला तर घरातल्या सगळ्यांचे संसार नीट झाले. आत्याच्या बाबतीत तरी दोष कोणाचा, हे आजवर ठरलेलं नाही. एका विचारावर मन ठरेना.

परतताना रिक्षात मी विहीणबाईंना विचारलं, "आईला सांगू का?"

"मला काय विचारता? देवी तुमची आहे," त्या म्हणाल्या आणि बाहेर बघायला लागल्या. त्या टोमणा मारताहेत की धीर देताहेत, मला कळलं नाही.

घरी आई दारातच. "विहीणबाई, आमची देवी दाखवली का हिने? कशी वाटली?"

मी चपला काढायला खाली वाकले.

"पाहिली," विहीणबाई म्हणाल्या. "फार देखणी आहे."

आई खूश झाली. मी वरण वाढायला गेले आणि डाव दह्याच्या भांड्यात घातला. मुलीचा फोन आला तर तिला म्हटलं, नंतर करते.

शुक्रवारी जाऊ नये असं मला वाटत होतं, आणि जाऊ नये म्हटलं तर आईला काय सांगायचं हे सुचत नव्हतं. शेवटी गेलो. आई, मी आणि विहीणबाई. आईने कुंकू लावून पत्रिका मूर्तीच्या पायाशी ठेवली, अक्षता ठेवल्या आणि मोठ्याने म्हणाली, "आई, नातीचं लगन आहे. सगळ्यांच्या पहिले तुझा बुलावा. येऊन जायचं बरं का." मग मला म्हणाली, "हं, आता ओटी भर. आणि जे सांगायचं ते तू सांग, आई आहेस तू मुलीची."

मी ओटीचं ताट घेऊन पुढं झाले आणि मला एक शब्द फुटेना. "आई" अशी हाक मारायची, तर ही आई नव्हे. देवी म्हणायचं, तर देवी नव्हे. नाव कोणालाच ठाऊक नाही. मी त्या जपमाळेच्या हाताकडे बघत राहिले. जी बाई कधीच जळून राख झाली, तिला मी कशी म्हणू की माझ्या मुलीला सांभाळ? आणि हिला म्हणायचं नाही, तर मग कोणाला म्हणू? इतकी एकटी मी ऑपरेशनच्या दिवशीही नव्हते. मागे आई म्हणत होती, "अगं, बोल ना."

विहीणबाई बाजूला आल्या. माझ्या हातातलं ताट त्यांनी धरलं. खण, नारळ, तांदूळ असं सगळं नीट पायाशी वाहिलं, हळदीकुंकू वाहिलं. मग मूर्तीकडे बघत, माहेरी आलेल्या एखाद्या बाईशी बोलावं तशा साध्या आवाजात म्हणाल्या, "बाई, हिची मुलगी माझ्या घरी येतेय. हिला फार काळजी वाटते, बोलत नाही पण मला दिसते. ती मराठीत बोलो, हिंदीत बोलो, तिला कोणी हसणार नाही. मी आहे."

मला रडू आलं. तिथंच, फुलवालीच्या देखत, पदर तोंडाशी धरून मी मोठ्याने रडले. विहीणबाईंनी माझ्या पाठीवर हात ठेवला आणि काढला नाही.

आईने मूर्तीला पुन्हा एकदा हात जोडले. "बघ," ती मला म्हणाली, "मी सांगत नव्हती? ऐकते ती."