डमीताईंचा श्वास

चारशेच्या वर गाणी गायलेली, पण जिचं एकही गाणं कुणी ऐकलेलं नाही अशी बाई पाहायची असेल तर डमीताईंना पाहावं. हे नाव त्यांना आईवडिलांनी ठेवलेलं नव्हतं. ते स्टुडिओतल्या लोकांनी ठेवलं आणि ताईंना ते इतकं चिकटलं, की खऱ्या नावाने कुणी हाक मारली तर त्या क्षणभर मागे वळून बघत.

काम असं, की चाल तयार असते, वाजवणारे जमलेले असतात, पण मोठ्या गायिकेला वेळ नसतो. मग तिच्या जागी कुणीतरी गाणं गाऊन ठेवायचं. त्या गाण्याला डमी म्हणतात. वादक त्याच्या अंगाने वाजवतात. महिना-दोन महिन्यांनी मोठ्या बाई येतात, कानाला हेडफोन लावून डमी ऐकत ऐकत खरं गाणं गातात, आणि त्यांची पाठ वळली की डमी पुसून टाकतात. गरज सरो, वैद्य मरो. ताई एकोणीस वर्षं हे करत होत्या आणि तक्रार म्हणून कधी केली नव्हती. उलट मनातल्या मनात त्यांना एक गंमत वाटायची, की अख्खा मुलूख ज्या बाईंना डोक्यावर घेतो, त्या बाई आधी आपल्याकडून शिकतात.

एका प्रेमगीताची डमी गायच्या दिवशी ताईंना सर्दी झाली होती. साधीसुधी नव्हे, नाकात बोळे कोंबल्यासारखी. त्यांनी संगीतकाराला सांगून पाहिलं, की दोन दिवस थांबू या. तो म्हणाला, डमीच तर आहे, कोण ऐकणार आहे. ताई गायल्या. गाणं खरोखर चांगलं होतं. कितीतरी वर्षांनी भेटलेल्या माणसाला एक बाई सगळं सांगायला बसते, आणि शेवटच्या कडव्याआधी वाद्यं थांबतात. दोन ठोके नुसती शांतता. मग ती म्हणते, की इतकं बोलायचं होतं, आता काहीच आठवत नाही. त्या दोन ठोक्यांत ताईंनी सवयीने नाकाने श्वास घ्यायला घेतला. तो अडला. मग घाईघाईने तोंड उघडलं आणि उरलेला श्वास थोडा थरथरत आत गेला. वेळेवर सूर लागला, म्हणून ताईंचा जीव भांड्यात पडला. घरी जाऊन त्यांनी वाफ घेतली आणि विसरून गेल्या.

तीन-चार महिन्यांनी एका शुक्रवारी गाणं बाहेर पडलं. सोमवारी ताई बँकेत टोकन घेऊन बसल्या होत्या, तेव्हा दाराशी बसलेल्या रखवालदाराच्या मोबाइलवर ते लागलं. आवाज मोठ्या बाईंचा, मखमली, कुठे सुरकुती नाही. शेवटचं कडवं आलं, वाद्यं थांबली, आणि श्वास ऐकू आला. नाकात अडलेला, मग तोंडाने दोन तुकड्यांत आत गेलेला. दुसऱ्याच्या पायातली आपली चप्पल माणूस जशी एका नजरेत ओळखतो, तसा ताईंनी तो ओळखला. त्यांचा नंबर तीनदा पुकारला गेला आणि पुढच्या माणसाला आत घेतलं.

घरी येऊन त्यांनी नवऱ्याला बसवलं. ताईंचे यजमान लिफ्टदुरुस्तीचं काम करत. गाण्यातलं त्यांना ओ की ठो कळत नसे, पण बंद दाराला कान लावून कुठलं बेअरिंग गेलंय ते सांगायचे. त्यांनी मोबाइल कानाशी धरला, डोळे मिटले आणि तेवढाच तुकडा पाच वेळा ऐकला. मग म्हणाले, "तुझाच आहे. आधी अडतो, मग सुटतो. पण हे सिद्ध कसं करणार?"

सिद्ध करायचा विचार ताईंच्या डोक्यातही नव्हता. पण आता तो आला तो जाईना. त्यांना फक्त एवढंच हवं होतं, की त्या गाण्याखाली जी नावांची यादी असते, जिच्यात बासरीवाला असतो, टाळ्या देणारेसुद्धा असतात, तिच्यात सगळ्यात शेवटी का होईना, आपलं नाव यावं. एकोणीस वर्षांत एकदा.

दुसऱ्या दिवशी त्या स्टुडिओत कात्रीला गाठायला गेल्या. कात्री म्हणजे तिथला संकलक, गायकांचे खोकले, श्वास, ओठांचे आवाज कापून गाणं स्वच्छ करणारा. ताईंना बघताच त्याचा चेहरा उतरला. सगळं त्यानेच सांगितलं. मोठ्या बाईंचे सूर जुळवून बघायला त्याने खाली डमी ठेवली होती. काम संपल्यावर ती पुसली, पण त्या दोन ठोक्यांची चिंधी राहून गेली. संगीतकाराने ऐकलं आणि खुर्चीतून उठलाच, म्हणाला, या जागेला कुणी हात लावू नका. कात्रीची बोलायची हिंमत झाली नाही. मोठ्या बाईंनाही वाटलं, की श्वास आपलाच.

"बावीस वर्षांत एक श्वास राहिला माझ्या हातून," कात्री म्हणाला. "मी तोंड उघडलं तर उद्यापासून इथे दुसरा बसेल, ताई." ताईंनी त्याला काही वचन दिलं नाही. पण संगीतकाराच्या खोलीकडेही त्या वळल्या नाहीत, आणि घरी येईपर्यंत त्यांना त्याचाच राग येत राहिला, आणि स्वतःचाही.

गाणं मात्र उधळलं होतं. रिक्षात, केस कापायच्या दुकानात, दवाखान्याच्या बाकावर, जिकडे जावं तिकडे तेच. आणि लोकांना कडव्यांपेक्षा तो श्वास आवडला. एका वर्तमानपत्रात कुणी अर्धं पान लिहिलं, की या श्वासात एका स्त्रीचं सगळं आयुष्य आहे. ताईंनी ते दोनदा वाचलं. त्यात सर्दी कुठेच नव्हती. मोठ्या बाईंची मुलाखत झाली, तिच्यात त्या म्हणाल्या, की तो क्षण कसा आला मलाही सांगता येत नाही, कुणाची तरी आठवण झाली असेल. मुलाखत ऐकताना ताईंनी भाजीत दुसऱ्यांदा मीठ घातलं.

शेजारच्या वहिनींनी तर कमालच केली. ताई थोडंफार गातात एवढं त्यांना ठाऊक होतं. त्यांनी जिन्यात अडवून विचारलं, की तो श्वास तुम्हाला जमतो का हो? ताईंनी पिशवी खाली ठेवली आणि घेऊन दाखवला. वहिनींनी मान तिरकी करून ऐकला आणि समजूत घातली, "जवळपास आहे. पण तसा नाही. तो आतून आलेला वाटतो." आपल्याच घरात आपल्याला पाहुणी म्हणून बसवावं, तशी ताईंची गत झाली. तोंड दाबून बुक्क्यांचा मार.

मग त्यांचा श्वासच बिघडला. आजवर जो आपोआप येत-जात होता, त्याच्याकडे त्यांचं लक्ष जाऊ लागलं. पायऱ्या चढताना, कणीक मळताना, फोनवर बहिणीशी बोलताना मध्येच त्या थांबत आणि आपण आत्ता कसा घेतला ते आठवत बसत. एका नव्या गाण्याची डमी गाताना त्या दोनदा ओळीच्या मध्ये अडकल्या. असं एकोणीस वर्षांत झालं नव्हतं. घरात बसवेना, बाहेर करमेना. यजमान म्हणाले, डॉक्टरला दाखव. ताई म्हणाल्या, काय सांगू, श्वास दुसरीकडे आहे म्हणून?

अशात संगीतकाराचा फोन आला. मोठ्या बाईंचा जाहीर कार्यक्रम ठरला होता, आणि तालमीत सगळं जमत होतं, फक्त तेवढा श्वास जमत नव्हता. बाई घेत होत्या तो सुंदर होता, पण लोकांना पाठ असलेला नव्हता. तेव्हा ताईंनी विंगेत माइक घेऊन उभं राहायचं आणि दोन ठोक्यांत तेवढं काम करायचं. म्हणजे त्यालाही ठाऊक होतं. कदाचित पहिल्या दिवसापासून ठाऊक असेल. ताईंनी त्याला वर्मावर बोट ठेवून विचारलं नाही. त्यांनी एकच विचारलं, की मग यादीत नाव घालाल का?

"ताई," तो अगदी प्रेमाने म्हणाला, "श्वासाला कोण नाव देतं?"

ताई म्हणाल्या, येते. आणि फोन ठेवतानाच त्यांचं ठरलं, की जायचं, माइक हातात घ्यायचा आणि श्वास घ्यायचा नाही. पडू दे भर सभागृहात खड्डा. कळू दे सगळ्यांना, की तिथे कुणीतरी होतं. यजमानांना त्यांनी हे सांगितलं, तेव्हा ते बराच वेळ पाना पुसत बसले. मग म्हणाले, की लिफ्ट मध्येच अडवली की आत अडकलेला माणूस घाबरतो, इमारतीच्या मालकाला काही होत नाही. ताई म्हणाल्या, घाबरू दे. पण रात्रीच्या जेवणात त्यांचं लक्ष नव्हतं.

कार्यक्रमाच्या दिवशी विंगेत मोठ्या बाई स्वतःहून त्यांच्याकडे आल्या. जवळून त्या लहानखुऱ्या दिसत होत्या, थकलेल्याही. त्यांनी ताईंचा हात हातात घेतला. "इतकी वर्षं तुमचा आवाज माझ्या कानात आहे, चेहरा आज बघतेय," त्या म्हणाल्या. "आणि माझा श्वास तुम्हाला अगदी हुबेहूब जमतो म्हणे."

ताईंच्या जिभेवर सगळं आलं होतं. सर्दी, कात्री, चिंधी. पण समोरची बाई खोटं बोलत नव्हती, तिला खरंच ठाऊक नव्हतं, आणि अशा माणसावर हात कसा उगारायचा ते ताईंना कळेना. तेवढ्यात पडदा वर गेला.

ते गाणं शेवटी होतं. सभागृह गच्च भरलं होतं, जिन्यांवरही लोक बसले होते, आणि पहिल्या सुरालाच असा गलका झाला, की वादकांना दोनदा सुरुवात करावी लागली. ताईंच्या हातातल्या माइकवर लाल दिवा लागला. एक कडवं झालं, दुसरं झालं. वाद्यं थांबली. मोठ्या बाईंनी डोळे मिटून मान किंचित विंगेकडे वळवली, हेडफोनमधल्या ताईंची वाट बघताना वळवत असतील तशीच.

ताईंनी ओठ घट्ट मिटले.

आणि समोरच्या अंधारातून श्वास आला. एकाचा नव्हे. पुढच्या रांगेतून, गॅलरीतून, जिन्यांवरून, दोन-अडीच हजार माणसांनी एकदम नाकाने हवा ओढली, ती अडवली, आणि मग तोंड उघडून दोन तुकड्यांत, थोडी थरथरत, आत घेतली. कुणी त्यांना सांगितलं नव्हतं. घरी, रस्त्यात, गाणं लागेल तिथे ते इतके दिवस हेच करत आले होते. त्यांच्यातल्या एकालाही सर्दी नव्हती आणि सगळ्यांनी ताईंची सर्दी जशीच्या तशी उचलली होती. मोठ्या बाई गायला लागल्या. खड्डा कुठेच पडला नाही.

आपलं चोरीला गेलेलं सोनं गावातल्या प्रत्येक बाईच्या अंगावर दिसावं, तेव्हा रडावं की हसावं, आणि तक्रार तरी कुणाविरुद्ध द्यावी? ताईंना रडू आलं. रागाचं होतं आणि आनंदाचंही होतं, आणि त्या ते पुसायच्या भानगडीत पडल्या नाहीत.

टाळ्या सुरू असतानाच संगीतकार वाद्यांच्या मागून वाकून धावत आला. त्याचा चेहरा लाल झाला होता. तो दबक्या आवाजात म्हणाला, "ताई, श्वास का नाही घेतलात?"

"घेतला ना," ताई म्हणाल्या. "ऐकला नाहीत?" आणि माइक त्याच्या हातात देऊन त्या जिना उतरल्या.